माळ्यावरची काळी पेटी



चवथ जवळ आली की पेडणे तालुक्यात घरोघरी माळे रिकामे होतात. भिंतींना रंग लागतो, माटोळीची चौकट पुसून तपासली जाते आणि वर्षभरात ज्याला कोणी हात लावला नाही ते सामान दारातल्या भंगारवाल्याच्या टेम्पोत जाते. अलीकडे या सामानात एक काळी पेटी पुष्कळदा दिसते. तिचे नाव प्लेस्टेशन टू. कोणाचे वडील आखातात होते, कोणाचे काका बोटीवर. रजेवर येताना त्यांनी मुलांसाठी ती आणली होती. ती मुले आज तीस-पस्तीस वर्षांची आहेत, नोकरीला लागली आहेत, काही आपल्याच शाळेचे पालक झाली आहेत. पेटी मात्र माळ्यावर राहिली. डिस्क घातली तर घरघर करते आणि पडद्यावर काहीच येत नाही, म्हणून ती टाकाऊ ठरली.

याच पेटीबद्दल यंदा एका आठवड्यात दोन पालक मला येऊन भेटले. एका वडिलांचे म्हणणे असे की त्यांचा नववीतला मुलगा जुने प्लेस्टेशन घेऊन बसतो, त्यात पेन ड्राइव्हवरून खेळ चालवतो, म्हणजे हा चोरीचाच प्रकार. शाळेने त्याला समज द्यावी. दुसऱ्या पालकांना नेमके उलटे हवे होते. तो मुलगा हुशार आहे असे त्यांनी ऐकले होते आणि तीनशे रुपये घेऊन त्याने आपल्याही यंत्रात शंभर खेळ भरून द्यावेत, मी तसे त्याला सांगावे, अशी त्यांची विनंती होती. दोघांनाही मी 'नाही' म्हटले. दोन्ही नकारांचे कारण दोन वाक्यांत सांगता येण्यासारखे नव्हते, म्हणून यंदाच्या अंकात हा विषय घेतला आहे.

आधी यंत्राविषयी थोडे. सोनी कंपनीने प्लेस्टेशन टू मार्च २००० मध्ये जपानमध्ये विक्रीस आणले आणि त्याचे उत्पादन २०१३ च्या सुरुवातीपर्यंत पूर्णपणे थांबले. जगभर १५ कोटींहून अधिक यंत्रे विकली गेली. घरात खेळण्याच्या यंत्रांत एवढा खप दुसऱ्या कोणत्याही यंत्राचा झाला नाही. आतली स्मृती मात्र अवघी ३२ मेगाबाइट. आजच्या साध्या मोबाइलमध्ये तिच्या शंभरपट असते. या यंत्रात सर्वांत आधी निकामी होतो तो डिस्क वाचणारा लेझरचा डोळा. बाकी यंत्र बहुधा ठणठणीत असते. आपण ज्याला मेलेले समजून भंगारात देतो त्याला बहुतेक वेळा फक्त दिसेनासे झालेले असते.

मुलांनी यावर जो उपाय शोधला तो त्यांचा स्वतःचा नाही, जगभरातील हौशी लोकांचा आहे. हे यंत्र सुरू होताना आपल्या छोट्या मेमरी कार्डावर कंपनीने दिलेली एखादी सुधारणा आहे का, हे पाहते. असली तर ती आधी चालवते. या सवयीचा फायदा घेऊन २००८ साली 'फ्री मॅकबूट' नावाचा प्रोग्राम तयार झाला. तो कार्डावर असला की यंत्राला ती आपल्याच घरची सुधारणा वाटते आणि ते त्याला आत घेते. त्यानंतर त्या यंत्रात कोणाचाही प्रोग्राम चालू शकतो. अगदी शेवटच्या काही मॉडेलांत कंपनीने ही वाट बंद केली. दुसरा एक प्रोग्राम, 'ओपन पीएस टू लोडर', डिस्कऐवजी पेन ड्राइव्हवरून, हार्ड डिस्कवरून किंवा घरातल्या संगणकावरून केबलने खेळ वाचून देतो. यासाठी पेटी उघडावी लागत नाही, तार जोडावी लागत नाही. (ज्या मुलांना तरीही पेटी उघडण्याची फार इच्छा होते त्यांच्यासाठी: जुन्या मोठ्या मॉडेलात घरच्या विजेचा पुरवठा थेट आतल्या भागात येतो. प्लग काढल्यावरही तिथे बोट घालू नये.)

अशा हौशी प्रोग्रामना 'होमब्रू' म्हणतात. घरी बनवलेले, असा त्याचा सरळ अर्थ. आणि इथेच पहिल्या वडिलांशी माझा मतभेद आहे. दुसऱ्याच्या यंत्रावर आपला प्रोग्राम चालवणे ही त्यांना घुसखोरी वाटते. पण यंत्र दुसऱ्याचे नाही. ते पैसे देऊन विकत घेतले आहे. सायकल घेतल्यावर तिला कॅरिअर बसवायला आपण कंपनीची परवानगी मागत नाही. खुद्द सोनीने २००१-०२ मध्ये याच यंत्रासाठी लिनक्सचा संच विकला होता. त्यात ४० गिगाबाइटची हार्ड डिस्क, कीबोर्ड, माउस असे सारे होते. तो घेणारा या खेळण्यावर स्वतः प्रोग्राम लिहू शकत होता. म्हणजे खेळण्याच्या यंत्राला संगणक मानणे हे काही चोरट्यांनी काढलेले खूळ नव्हे. पुढच्या प्लेस्टेशन थ्रीमध्येही लिनक्स घालण्याची सोय होती, ती कंपनीने एप्रिल २०१० मध्ये काढून घेतली. विकून झालेल्या वस्तूतील एक सोय नंतर काढून घेणे कितपत योग्य, हा प्रश्न आपणही विचारायला हरकत नाही.

या घरी बनवलेल्या वस्तूंतून मोठी कामेही उभी राहिली आहेत. मायक्रोसॉफ्टने २००१ साली एक्सबॉक्स नावाचे खेळण्याचे यंत्र काढले. त्यावर चित्रपट आणि गाणी चालवण्यासाठी काही हौशी मंडळींनी स्वतःच एक प्रोग्राम लिहिला. कंपनीने तो मागितला नव्हता, तिला तो नकोच होता. तोच प्रोग्राम वाढत वाढत २०१४ पासून 'कोडी' या नावाने ओळखला जातो आणि टीव्हीला जोडायच्या कितीतरी छोट्या डब्यांत चालतो. गोव्यापुरते बोलायचे तर २००० नंतरच्या वर्षांत परदेशातून आलेले जुने, वापरून झालेले संगणक दुरुस्त करून, त्यात लिनक्स घालून ते इथल्या शाळांना देण्याचा 'गोवा स्कूल्स कॉम्प्युटर्स प्रोजेक्ट' चालला होता. इतरांनी टाकून दिलेल्या यंत्रावर मोफत प्रणाली बसवून मुलांना बोटे चालवायला द्यायची, ही कल्पना आपल्याकडे नवी नाही. आता शाळांत कोडिंग आणि रोबोटिक्स हे विषय आले आहेत, त्यासाठी साहित्यही येते, त्याचा आनंदच आहे. पण मिळालेल्या संचातील तुकडे पुस्तकात दाखवल्याप्रमाणे जोडणे वेगळे आणि ३२ मेगाबाइटच्या बंद पेटीला आपल्या म्हणण्याप्रमाणे वागायला लावणे वेगळे. दुसऱ्यात चूक कुठे झाली ते सांगणारे कोणी नसते. मुलगा दोन रात्री अडतो आणि तिसऱ्या रात्री त्याला कळते की फाइलच्या नावात एक अक्षर चुकले होते. असे अडणे मला शिक्षणाच्या दृष्टीने मोलाचे वाटते.

आता दुसऱ्या पालकांकडे वळू. पेन ड्राइव्हवरचे शंभर खेळ.

इथे आपल्या समाजाची एक जुनी सवय आडवी येते. भजनाची वही, फुगडीची गाणी, आरत्या, घरगुती औषधे हे सारे आपल्याकडे एकमेकांकडून उतरवून घेतच टिकले. वही उतरवायला देणारा कधी कंजूषपणा करत नाही आणि घेणाऱ्यालाही आपण काही हिसकावले असे वाटत नाही. या संस्कारात वाढलेल्या माणसाला 'नक्कल' या शब्दात पाप दिसत नाही, आणि त्यात त्याचा दोष नाही. नव्वदच्या दशकात घरोघरी आलेली ती 'लिटल मास्टर'सारखी काडतुसांची स्वस्त यंत्रे आठवा. एका काडतुसात हजारो खेळ असल्याचा दावा छापलेला असे. ती जपानच्या निंटेंडोच्या यंत्राची नक्कल होती हे विकत घेणाऱ्याच्या गावीही नव्हते. प्लेस्टेशन टू आल्यावर शहरांच्या बाजारात यंत्राला चिप बसवून मिळू लागली आणि खेळांच्या नकली डिस्का भाजीच्या भावात मिळू लागल्या. अस्सल डिस्क हजाराच्या घरात असताना घरातल्या माणसाने दुसरी घेतली, हे समजण्यासारखे आहे.

पण भजन कोणाच्या पोटावर पाय देत नाही. खेळाची गोष्ट जत्रेतल्या नाटकासारखी आहे. आपल्या गावांत हौशी मंडळी दरवर्षी मराठी नाटक बसवतात. छापील नाटकाच्या पहिल्या पानांवर प्रयोगासाठी लेखकाची परवानगी आणि मानधन यांविषयी सूचना असते, हे नाटकात काम केलेल्या प्रत्येकाला ठाऊक आहे. मंडळाची गंगाजळी कितीही अपुरी असो, ते मानधन काढून ठेवावे लागते. आपल्या कायद्यात संगणकाचा प्रोग्राम 'साहित्यकृती'तच मोडतो. तेव्हा नाटककाराला जो न्याय, तोच खेळ लिहिणाऱ्याला. शंभर खेळ तीनशे रुपयांत, म्हणजे एका खेळाला तीन रुपये, आणि त्यातलाही एक पैसा लिहिणाऱ्याला नाही. वर ते काम नववीच्या मुलाकडून करून घ्यायचे.

त्या पालकांनी लगेच विचारले, "बाई, ते खेळ आता दुकानात मिळतच नाहीत. मग नुकसान कोणाचे?" प्रश्न साधा नाही. व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन या अमेरिकेतील संस्थेने २०२३ साली पाहणी केली तेव्हा २०१० पूर्वी त्या देशात निघालेल्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ बाजारात कोणत्याही स्वरूपात उपलब्ध नव्हते. म्हणजे पैसे द्यायची तयारी असली तरी घेणारा नाही. कंपन्यांच्या या बेफिकिरीचे समर्थन मी करणार नाही. कपाट बंद करून किल्ली हरवायची आणि कोणी फटीतून पाहिले तर त्याला चोर म्हणायचे, असा हा प्रकार आहे. तरीही हक्क संपत नाही. तो कितीतरी दशके टिकतो आणि दुकानात माल नाही एवढ्याने मालकी सुटत नाही.

कायदा काय म्हणतो ते पालकांनी एकदा समजून घ्यावे. भारताचा कॉपीराइट कायदा १९५७ चा आहे. त्याच्या कलम ५२ मध्ये कायदेशीर मार्गाने प्रोग्राम जवळ असलेल्या माणसाला तो हरवणे, नष्ट होणे किंवा खराब होणे यांपासून तात्पुरते संरक्षण म्हणून राखीव प्रत करण्याची मुभा आहे. माझी डिस्क, माझी प्रत, माझ्यासाठी. खेळात प्रोग्रामबरोबर चित्रे आणि संगीतही असते, त्यामुळे या मुभेचा आधार ताणून ताणून घेऊ नये, पण तिचा गाभा स्पष्ट आहे. २०१२ च्या दुरुस्तीने कलम ६५-अ आले. हक्कांच्या रक्षणासाठी लावलेले तांत्रिक कुलूप हक्कभंगाच्या हेतूने तोडणाऱ्याला त्यात दोन वर्षांपर्यंत शिक्षा आहे. 'हेतूने' या शब्दाकडे लक्ष द्यावे. आपल्या कायद्याने कुलपाला हात लावणाऱ्या प्रत्येकाला एका मापाने मोजलेले नाही. आणि कलम ६३-ब प्रमाणे प्रोग्रामची बेकायदा प्रत जाणूनबुजून वापरणाराही अपराधी ठरतो, केवळ विकणारा नव्हे.

विकणाऱ्याचे पुढे काय होते याचे एक उदाहरण मुलांना माहीत असलेले बरे. निंटेंडोच्या यंत्रांची कुलुपे तोडण्याची उपकरणे विकणाऱ्या टोळीतील एका माणसाला अमेरिकेच्या न्यायालयाने २०२२ साली ४० महिन्यांची कैद दिली. शिवाय त्याच्यावर कोट्यवधी रुपयांच्या भरपाईचा बोजा आला. नववीच्या मुलाची आणि त्याची तुलना होत नाही हे मलाही कळते. पण तीनशे रुपये हातात पडले की हौस संपते आणि धंदा सुरू होतो, हे त्या मुलाला कोणीतरी वेळेवर सांगायला हवे. सांगणारा घरचा असला तर उत्तम.

या वादात मला सर्वांत जास्त खुपणारी गोष्ट निराळीच आहे. आपण अमेरिकन आणि जपानी खेळांविषयी बोलतो. याच प्लेस्टेशन टूसाठी आपल्या देशातही खेळ तयार झाले होते याचा आपल्याला पत्ताच नाही. २००९ साली हैदराबादच्या अरोना टेक्नॉलॉजीजने 'हनुमान : बॉय वॉरियर' केला. देवाला बटणांनी चालवायचे, उड्या मारायला लावायच्या, म्हणून काही हिंदू मंडळींनी तेव्हा आक्षेपही घेतला होता. (दशावतारात रात्रभर देव आणि राक्षस जवळून पाहणाऱ्या आपल्या भागात हा आक्षेप कितपत टिकला असता, कोण जाणे.) त्याच वर्षी हैदराबादच्याच गेमशास्त्र कंपनीचा 'देसी अड्डा : गेम्स ऑफ इंडिया' आला. त्यात कबड्डी, विटीदांडू, पतंग असे आपले खेळ होते. 'अड्डा' शब्द मराठी कानाला जरा खटकतो, आपल्याकडे तो जुगाराचा असतो. हिंदीत मात्र मित्रांची बैठक म्हणजेही अड्डा, आणि ज्यांनी नाव ठेवले त्यांच्या मनात तोच अर्थ असावा. पुढे मुंबईच्या ट्राइन गेम्सने गल्लीतले क्रिकेट या यंत्रावर आणले.

हे खेळ फार श्रेष्ठ होते असा दावा मी करत नाही. त्यांत काम ओबडधोबड असेल, मुले हसतीलही. पण भारतीय माणसांनी भारतीय मुलांसाठी घरच्या यंत्रावर केलेल्या पहिल्यावहिल्या प्रयत्नांपैकी ते आहेत, आणि ते टिकणार आहेत ते केवळ कोणाकोणाच्या घरातल्या डिस्कांवर. आपल्या हवेत डिस्कचे काय होते ते मी सांगायला नको. जून ते सप्टेंबर चामड्याच्या चपलांवर, लग्नाच्या अल्बमवर जी बुरशी धरते तीच प्लास्टिकच्या डब्यातल्या डिस्कवरही ठिपके धरते. मूळ डिस्क गेली, दुकानात ती मिळत नाही आणि कोणी प्रत केलेली नाही, तर मग काय उरले? जुने मासिक रद्दीत गेले तरी कुठल्यातरी ग्रंथालयात त्याचा अंक सापडतो. या खेळांना तसे ग्रंथालय नाही. अशा वेळी एखाद्या घरात कोणी आपल्या डिस्कची काळजीपूर्वक प्रत करून ठेवत असेल तर त्याला मी चोर म्हणणार नाही. भंगारवाल्याला डिस्क देणाऱ्यापेक्षा त्याने त्या खेळाचा मान अधिक राखला आहे.

म्हणून पहिल्या वडिलांना मी सांगितले की मुलाला समज देण्याआधी त्याला एवढेच विचारा: खेळ कुठून आला? घरातल्या डिस्कवरून घेतला असेल तर त्याच्याशेजारी बसून बघा. महाजालावरून उतरवला असेल तर तो काढून टाकायला सांगा, पण यंत्र हिसकावू नका. त्या मुलाने नंतर मला विज्ञान प्रदर्शनासाठी अर्ज दिला. यंत्र, पेन ड्राइव्ह आणि त्यावरचे चाळीस खेळ मांडायची त्याची इच्छा होती. पेन ड्राइव्ह मी नाकारला. यंत्र स्वीकारले, मात्र त्यावर त्याने स्वतः केलेले काही चालले पाहिजे ही अट घातली. प्लेस्टेशन टूवर लुआ किंवा जावास्क्रिप्ट यांसारख्या तुलनेने सोप्या भाषांत प्रोग्राम लिहिण्याची मोफत साधने आता आहेत. मुलगा आधी हिरमुसला, मग लगोरीचा खेळ करायचे त्याने ठरवले. चेंडू पडद्यावर डावीकडून उजवीकडे सरकतो, योग्य क्षणी बटण दाबले की ठिकऱ्या उडतात. परवापर्यंत ठिकऱ्या उडत होत्या, पण खाली पडत नव्हत्या, हवेतच तरंगत होत्या. गुरुत्वाकर्षणाचा धडा त्याने पुन्हा काढला आहे, आणि तो परीक्षेसाठी नव्हे, हे विज्ञानाच्या शिक्षकांनी मला मुद्दाम येऊन सांगितले.

काही पालकांना वाटेल की शेवटी हा खेळच, दहावी तोंडावर असताना मुख्याध्यापिकेने त्याची तरफदारी कशाला करावी. वेळेचा प्रश्न खरा आहे. तो घरातच सुटेल. रात्री साडेनऊला यंत्र बंद, एवढा नियम घरातले सारेच पाळू शकतात, मोबाइल पाहणारे वडीलधारेही. खेळणे आणि खेळ घडवणे यांत फरक करता आला तर तक्रारीचे स्वरूप आपोआप बदलेल.

राहता राहिली माळ्यावरची साफसफाई. तुमच्या घरी प्लेस्टेशन टू असेल आणि नको असेल तर चवथीपूर्वी भंगारात न देता शाळेत पाठवावे. डिस्क वाचत नसली तरी चालेल. मेमरी कार्ड आणि तारा सोबत असाव्यात. वर सांगितलेल्या भारतीय खेळांच्या मूळ डिस्का कोणाकडे असतील तर त्याही आम्हाला हव्या आहेत, डब्यासह आणि आतल्या छापील पुस्तिकेसह. नकली डिस्का कृपया पाठवू नयेत. ज्यांना डिस्क घरीच ठेवायची आहे त्यांनी ती मऊ कोरड्या कपड्याने मधून कडेकडे सरळ रेषेत पुसावी, गोल गोल नव्हे, आणि पावसाळाभर घट्ट झाकणाच्या डब्यात ठेवावी. कपाटाच्या खालच्या खणात ओल जास्त असते. सामान शाळेच्या कार्यालयात सकाळी साडेनऊ ते साडेबारा या वेळेत, विद्यार्थ्याचे नाव आणि इयत्ता लिहिलेल्या चिठ्ठीसह द्यावे.